एक कुल, अनेक धंदे : मारेकरी ढेकणांचे विश्व

‘ढेकूण’ हा शब्द उच्चारताच बाजेच्या फटीत दडून रात्री रक्त शोषणारा क्षुद्र जीव डोळ्यांपुढे उभा राहतो. वस्तुतः मराठीने हे एकच नाव अनेक निरनिराळ्या कीटकांना बहाल केले आहे. कपाशीवरचा लाल ढेकण्या हा रस शोषणारा शाकाहारी कीटक, अंथरुणातला ढेकूण रक्तपिपासू, आणि या दोहोंहून सर्वस्वी भिन्न असा तिसरा गट म्हणजे शास्त्रज्ञ ज्यांना ‘रेड्युव्हिइडी’ म्हणतात ते मारेकरी ढेकूण. हे इतर कीटकांना मारून त्यांवर जगतात. धान, कोसा आणि धान्याची गोदामे या तिन्हींशी संबंध असलेल्या भंडारा जिल्ह्यातील व्यापारी कुटुंबांना या तिसऱ्या गटाची ओळख असणे उपयुक्त ठरेल.

प्रथम खातेवही मांडू. कीटकवर्गातील ‘हेमिप्टेरा’ हा एक गण. त्यात सोंडेने रस शोषणारे अनेक कीटक येतात. त्या गणातील ‘रेड्युव्हिइडी’ हे एक कुल. फ्रेंच शास्त्रज्ञ लात्रेय यांनी १८०७ मध्ये ते वेगळे मांडले. आज जगभरात या कुलातील सुमारे ७,००० जाती ज्ञात असून त्यांची विभागणी वीसहून अधिक उपकुलांत केली जाते. भारतातील जातींची पद्धतशीर नोंद प्रथम विल्यम डिस्टंट यांनी विसाव्या शतकाच्या आरंभी ‘फॉना ऑफ ब्रिटिश इंडिया’ या ग्रंथमालेत केली. पुढे तामिळनाडूतील पालयंकोट्टै येथील प्राध्यापक डन्स्टन अँब्रोज यांनी आयुष्यभर याच कुलाचा अभ्यास केला. त्यांनी २००६ मध्ये प्रसिद्ध केलेल्या यादीत भारतातील साडेचारशेहून अधिक जाती आहेत.

इतक्या विविध जीवांना एका कुलात कशाच्या आधारे बसविले? मुख्य खूण सोंडेची. मारेकरी ढेकणाची सोंड आखूड, जाड, तीन खंडांची आणि आकड्यासारखी वाकलेली असते. डोके लांबट, डोळ्यांमागे मानेप्रमाणे निमुळते. छातीच्या खालच्या बाजूस बारीक रेघांची एक खाच असते. सोंडेचे टोक त्या खाचेवर घासून हा कीटक किरकिर आवाज काढतो. भक्ष्याला पकडल्यावर तो सोंडेतून लाळ आत सोडतो. त्या लाळेने भक्ष्य लुळे पडते, त्याच्या शरीरातील भाग विरघळतात आणि तो द्रव शोषून घेतला जातो.

कुल एक असले तरी धंदे अनेक. ‘हार्पॅक्टोरिनी’ हे सर्वांत मोठे उपकुल. त्यातील कीटक झाडाझुडपांवर उघडपणे शिकार करतात. ‘एक्ट्रिकोडिनी’ या उपकुलाने वाणी, म्हणजे सहस्रपाद किड्यांच्या शिकारीत प्रावीण्य मिळविले आहे. ‘एमेसिनी’तले कीटक काडीसारखे बारीक असून त्यांपैकी काही चक्क कोळ्याच्या जाळ्यात वावरतात. ‘होलोप्टिलिनी’तील काही कीटक अंगातून एक स्राव सोडतात. मुंग्या तो चाटावयास येतात, गुंगतात आणि भक्ष्य होतात. काही जातींची पिल्ले मारलेल्या मुंग्यांची कलेवरे पाठीवर वाहतात, तर काही धुळीचा लेप अंगावर चढवून स्वतःस लपवितात. अशा धुळीने माखलेल्या एका जातीस लिनीअस याने १७५८ मध्येच ‘मुखवटा धारण करणारा’ अशा अर्थाचे नाव दिले होते.

आता आपल्या परिसराकडे वळू. ‘ऱ्हायनोकोरिस’ या प्रजातीतील लाल-काळे कीटक भारतातील शेतांत सर्वत्र आढळतात. धान, कपाशी, तूर यांवरील अळ्या हे त्यांचे खाद्य. म्हणून कृषिशास्त्र त्यांना ‘मित्रकीटक’ म्हणते. मात्र त्यांचा रंग लाल ढेकण्याशी मिळताजुळता असल्याने पुष्कळदा शत्रू समजून मित्रावरच फवारणी होते. वाकडी सोंड आणि निमुळती मान पाहिली की हा घोटाळा टळतो.

परंतु शेतात जो मित्र, तोच शेजारच्या जंगलात शत्रू ठरतो. भंडारा, गोंदिया, गडचिरोली भागात ढिवर समाजातील कुटुंबे ऐन व अर्जुन या झाडांवर टसर रेशमाचे, म्हणजे आपल्याकडच्या कोशाचे किडे वाढवितात. त्या लहान अळ्यांवर ‘सायकॅनस कोलारिस’ हा मारेकरी ढेकूण हल्ला करतो. झाडावरच्या उघड्या संगोपनात त्याच्यामुळे कष्टकऱ्यांचे नुकसान होते. यावर उपाय म्हणून कोवळ्या अळ्या नायलॉनच्या जाळीखाली वाढविण्याचा सल्ला दिला जातो. येथे कीटकाचा स्वभाव बदललेला नाही. अळी धानावरची की कोशाची, हा भेद तो जाणत नाही. मित्र आणि शत्रू ही त्याच्या नावापुढे आपण आपल्या लाभहानीनुसार केलेली नोंद आहे.

तिसरे ठिकाण आपल्या नित्य व्यवहाराचे, अर्थात धान्याचे गोदाम. बँकेच्या सेवेत तारण मालाच्या तपासणीसाठी मी अनेक गोदामे पाहिली. पोत्यांच्या थप्पीवर किडा दिसला की तो धान्य खाणाराच, असे सरसकट गृहीत धरले जाई. ‘अँफिबोलस व्हेनेटर’ आणि ‘पेरेग्रिनेटर बायअॅन्युलिपिस’ हे उष्ण प्रदेशांतील गोदामांत राहणारे मारेकरी ढेकूण आहेत. ते धान्याचा एक दाणाही खात नाहीत. पिठातील तांबडा भुंगा, पतंगाच्या अळ्या हे त्यांचे भक्ष्य. थायलंडमध्ये तांबड्या भुंग्याला आवर घालण्यासाठी ‘अँफिबोलस’चा उपयोग किती होतो, याचे प्रयोगही झाले आहेत.

व्यापाऱ्यासाठी यातला बोध दुहेरी आहे. पहिला असा की, हा कीटक दिसणे ही पूर्वसूचना समजावी. भक्ष्याशिवाय शिकारी टिकत नाही. तेव्हा पोत्यांच्या शिवणी, थप्पीखालचा भुसा आणि भिंतींच्या भेगा त्वरित तपासाव्यात. दुसरा असा की, त्याच्यावर सर्वस्वी विसंबूनही राहू नये. सोंडकिड्याची अळी दाण्याच्या आत वाढते, तेथे या शिकाऱ्याची सोंड सहसा पोहोचत नाही. शिवाय विषारी धुरी दिली तर शत्रूबरोबर तोही मरतो. म्हणून माल साठविण्यापूर्वी नीट वाळविणे, गोदाम झाडून रिकामे करणे, जुन्या-नव्या मालाची सरमिसळ टाळणे, ही आपल्या वडीलधाऱ्यांची शिस्तच अधिक श्रेयस्कर. कीड लागूच दिली नाही, तर मारण्याचा प्रसंगही विरळाच येतो.

आरोग्याविषयीही दोन शब्द आवश्यक आहेत. या कुलातील ‘ट्रायटोमिनी’ या उपकुलाचे बहुतेक सदस्य रक्त शोषतात. त्यांच्यामार्फत पसरणाऱ्या रोगाचा शोध कार्लोस चागास यांनी १९०९ मध्ये ब्राझीलमध्ये लावला. तो रोग मूळचा अमेरिका खंडातला. ‘लिन्शकॉस्टियस’ ही या उपकुलातील प्रजाती मात्र केवळ भारतातच आढळते. त्यामुळे ‘चुंबन घेणारा प्राणघातक ढेकूण’ अशा मथळ्याखाली मोबाइलवर फिरणारी चित्रे पाहून अंगणातल्या प्रत्येक मारेकरी ढेकणाला भिण्याचे कारण नाही. तो आपणहून अंगावर येत नाही. मात्र हातात धरल्यास सोंड खुपसतो आणि वेदना तीव्र होतात. मुलांना हे समजावून सांगावे. दंश झालाच तर ती जागा साबणाने व पाण्याने धुवावी. सूज वाढल्यास अथवा श्वासास त्रास झाल्यास विनाविलंब डॉक्टरांकडे जावे.

हिशेबात एक नोंद चुकीच्या खात्यावर पडली की पुढचा सारा ताळेबंद बिघडतो. कीटकांच्या बाबतीत ती चूक एखाद्या निरपराध जिवाच्या प्राणाशी आणि आपल्याच मालाच्या हानीशी येऊन ठेपते. औषधाच्या डब्याला हात घालण्यापूर्वी क्षणभर थांबून त्या जिवाची सोंड सरळ आहे की वाकडी, एवढे पाहिले तरी पुष्कळ झाले.