सही कोणाची, निर्णय कोणाचा?

सरकारी कचेरीत ‘वरून आदेश आहेत’ हे वाक्य ऐकले नाही, असा माणूस विरळाच. या वाक्याला कायद्यात किती किंमत आहे, याचा निवाडा १९५१मध्येच झाला होता. प्रकरण होते अंधेरीतल्या एका नियोजित चित्रपटगृहाचे. गोरधनदास भानजी यांना मुंबईच्या पोलीस आयुक्तांनी जुलै १९४७मध्ये बांधकामाची परवानगी दिली आणि सप्टेंबरात, शासनाच्या निर्देशावरून ती रद्द केल्याचे त्याच कार्यालयाने कळवले. नियमांप्रमाणे हा अधिकार आयुक्तांचा होता, शासनाचा नव्हता. पुढे निर्णय आपलाच असल्याचे आयुक्त कोर्टात सांगू लागले. सर्वोच्च न्यायालयाचे न्या. विव्हियन बोस यांनी ते ऐकून घेतले नाही. आदेशात जे लिहिले आहे त्यावरूनच त्याचा अर्थ लावायचा; मागाहून दिलेल्या खुलाशाने तो सुधारत नाही.

भानजी जिंकले, पण हाती काय लागले? आयुक्तांनी आता स्वतःच्या बुद्धीने निर्णय घ्यावा, एवढेच. पुढच्या अनेक निकालांची हीच तऱ्हा राहिली.

अधिकाऱ्याने निर्णय स्वतः आणि न्याय्य रीतीने घ्यावा, हे तत्त्व मात्र विस्तारत गेले. १९६९मध्ये क्रायपाक प्रकरणात जम्मू-काश्मीरचे प्रभारी मुख्य वनसंरक्षक निवड मंडळावर बसले होते आणि उमेदवारही होते. स्वतःचे नाव निघाले तेव्हा ते उठून गेले. प्रतिस्पर्ध्यांची नावे निघाली तेव्हा मात्र बसून राहिले. निवड रद्द झाली, आणि निव्वळ प्रशासकीय कामालाही नैसर्गिक न्याय लागू होतो, हे पक्के झाले. १९७७मध्ये मनेका गांधी यांचे पारपत्र ताब्यात घेताना सरकारने ‘जनहित’ म्हटले आणि कारणे द्यायला नकार दिला. जानेवारी १९७८च्या निकालाने कार्यपद्धती न्याय्य आणि वाजवी असलीच पाहिजे, असे बजावले. प्रत्यक्षात सरकारने सुनावणी देण्याची हमी दिली आणि न्यायालयाने ती मान्य केली.

सर्वांत बोचरा मुक्काम ओल्गा टेलिस प्रकरणाचा. जुलै १९८१मध्ये, ऐन पावसात, मुख्यमंत्री अंतुले यांनी मुंबईच्या पदपथांवरील लोकांना हटवण्याची घोषणा केली. महापालिका कायद्याचे कलम ३१४ नोटिशीविना हटवण्याची मुभा देते. १९८५मध्ये घटनापीठाने म्हटले, की मुभा म्हणजे सक्ती नव्हे. एरवी नोटीस आणि सुनावणी द्यायलाच हवी. मग न्यायालयाचे पुढचे पाऊल असे, की या लोकांचे म्हणणे आम्हीच सविस्तर ऐकले आहे, तेव्हा पालिकेने पुन्हा ऐकण्याची गरज नाही. पावसाळा उलटेपर्यंत मुदत मिळाली, हटवणे टळले नाही.

याच काळात सुनावणी कागदावर पुरी करण्याची कलाही कचेऱ्यांनी आत्मसात केली. निष्कर्ष आधी ठरवायचा, कारणे दाखवा नोटीस नंतर काढायची. नवी मुंबई महापालिकेच्या उपकरावरून झालेल्या सीमेन्स प्रकरणात २००६मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की मन आधीच बनवून काढलेल्या नोटिशीला थेट आव्हान देता येते.

बांधकामे पाडण्याबाबतचा सर्वोच्च न्यायालयाचा १३ नोव्हेंबर २०२४चा ‘बुलडोझर निकाल’ या पार्श्वभूमीवर वाचावा. न्या. भूषण गवई आणि न्या. विश्वनाथन यांनी पंधरा दिवसांची नोटीस, व्यक्तिगत सुनावणी, सकारण आदेश आणि त्यानंतर आणखी पंधरा दिवस, असा क्रम आखून दिला. नोटिशीवर मागची तारीख टाकली जाते, हेही न्यायालयाने गृहीत धरलेले दिसते: नोटीस बजावताच जिल्हाधिकाऱ्यांना ई-मेल जावा आणि त्याची पोच आपोआप यावी. शिवाय या सूचना डावलून घर पाडले, तर भरपाई अधिकाऱ्याच्या खिशातून. इतकी वर्षे ‘पुन्हा ऐका’ म्हटले, की विषय संपायचा. आता चुकीची किंमत थेट सही करणाऱ्यावर पडली.

मात्र या सूचनांना अपवादही आहेत. रस्ता, पदपथ यांवरील किंवा रेल्वेमार्गालगतच्या अनधिकृत बांधकामांना त्या लागू नाहीत. म्हणजे ज्यांच्या खटल्याने ‘आधी ऐका’ हे तत्त्व मुंबईत रुजवले, ते पदपथवासी २०२४च्या संरक्षणाबाहेरच राहिले.