यंदा हवा टेबल फॅनची!

उकाड्यावरचा हा उतारा जुनाच आहे. पण घेताना रंग आणि रिमोट पाहून घेतलात, तर पैसे वाऱ्यावर गेलेच म्हणून समजा!

रात्रीचा दीड वाजलाय. सकाळी साडेनऊला मीटिंग आहे. डोक्यावरचा पंखा पाचवर गरगरतोय आणि तुम्ही उशीची गार बाजू शोधत कूस बदलताय. शेवटी चादर फेकून सरळ फरशीवर आडवे होता. ओळखीचं वाटतंय ना?

त्यात घर भाड्याचं असेल तर आणखीच पंचाईत. एसी लावायचा तर घरमालक भिंतीला भोक पाडू देत नाहीत. दिलंच पाडू, तर अकरा महिन्यांनी घर बदलताना तो एसी काढा, न्या, पुन्हा लावा. शिवाय विजेचं बिल. मग उरतो आपला साधासुधा टेबल फॅन. हाताखाली धरून नेता येतो आणि नव्या घरात पहिल्याच रात्री कामाला लागतो.

पण तो घेण्यातही एक फंडा आहे. मला तो पाच हजार रुपये घालवल्यावर कळला. दोन उन्हाळ्यांपूर्वी पुण्यात गच्चीखालच्या फ्लॅटमध्ये राहत होते. एका रात्री वैतागून दोन वाजता मोबाईलवरून टॉवर फॅन मागवला. दिसायला एकदम स्लिम, सोबत रिमोट, वर चमकणारे निळे आकडे. वारा मात्र असा, की समोर ठेवलेलं त्याचं बिलसुद्धा हललं नाही! मग रविवारी गाठली तपकीर गल्ली. तिथल्या एका दुकानातल्या काकांनी मला एकच प्रश्न विचारला, ‘‘ताई, पंखा खोलीसाठी हवाय की तुमच्यासाठी?’’

तेव्हा मी हसले होते. पण सगळी गोम त्या प्रश्नातच आहे.

खोली गार होतच नाही

पंखा हवा गार करत नाही, फक्त हलवतो. उलट त्याची मोटर पन्नास वॉट वीज घेत असेल, तर ती सगळी शेवटी उष्णता होऊन त्याच खोलीत उतरते. म्हणजे ‘आल्यावर खोली गार मिळेल’ म्हणून पंखा सुरू ठेवून ऑफिसला गेलात, तर खोली किंचित गरमच होणार.

गार वाटतं ते आपल्या अंगाला. घाम वाळताना शरीरातली उष्णता घेऊन जातो आणि वारा तो घाम लवकर वाळवतो. मुंबईच्या दमट हवेत घाम वाळायलाच तयार नसतो, म्हणून चिकचिक होते. तिथे तर अंगावर थेट येणारा वारा हवाच. कोपऱ्यात ठेवलेल्या पंख्याने भिंतीला वारा घातला, तर भिंत काही थँक्यू म्हणणार नाही.

डोक्यावरचा पंखा का रुसतो?

सीलिंग फॅन असताना आणखी एक पंखा कशाला, असं घरचे विचारतातच. टॉप फ्लोअरवाल्यांनो, उत्तर तुमच्या छतात आहे. दिवसभर ऊन खाल्लेला काँक्रीटचा स्लॅब मध्यरात्रीपर्यंत तापलेला असतो. त्याच्याखाली गरम हवा साचते आणि सीलिंग फॅन तीच हवा इमानेइतबारे आपल्या अंगावर ढकलतो. टेबल फॅन खालच्या पातळीवरची, त्यातल्या त्यात बरी हवा घेतो. आणि मुख्य म्हणजे त्याला खिडकीपाशी नेता येतं.

कुठला घ्यायचा?

पंख्याच्या खोक्यावर ‘स्वीप’ म्हणून एक आकडा असतो, तो पात्यांचा व्यास. घरच्या वापरासाठी ४०० मिलिमीटर, म्हणजे सोळा इंची, हा सगळ्यात कामाचा. दोनशे-सव्वादोनशे मिलिमीटरचे छोटे पंखे लॅपटॉपशेजारी ठेवायला किंवा स्वयंपाकघराच्या ओट्यावर ठीक. डबलबेडवर दोघांना पुरतील, ही अपेक्षा ठेवू नका. मोठं पातं कमी वेगात फिरूनही बराच वारा देतं, त्यामुळे आवाजही कमी. छोट्या पात्याला तेवढ्याच वाऱ्यासाठी जीव तोडून फिरावं लागतं.

दुसरा आकडा एअर डिलिव्हरीचा. पंखा मिनिटाला किती घनमीटर हवा फेकतो, ते यावरून कळतं. एकाच साइजचे दोन पंखे समोर असतील, तर रंगाआधी हा आकडा ताडून पाहा. माझ्या टॉवर फॅनच्या खोक्यावर तो आकडाच नव्हता. तिथेच शहाणं व्हायला हवं होतं!

बेड उंच असेल किंवा पंखा हॉलमध्येही फिरवायचा असेल, तर पेडेस्टल घ्या. जागा कमी असेल तर भिंतीवरचा वॉल फॅन, पण भाड्याच्या घरात पुन्हा भोकाचा प्रश्न आलाच. ‘हायस्पीड’ किंवा ‘फर्राटा’ म्हणून मिळणारे पंखे लग्नाच्या मांडवात झकास. बेडरूममध्ये त्यांच्या आवाजाने झोपेचं खोबरं होतं.

आणि आवाजाची परीक्षा घ्यायची ती सगळ्यात कमी स्पीडवर. दुकानदार हमखास तीनवर लावून दाखवतो. तुम्ही त्याला एकवर लावायला सांगा, कारण रात्रभर तुम्ही तोच ठेवणार आहात. मान फिरताना शेवटच्या टोकाला ‘टक्’ असा आवाज येतो का, तेही ऐका. दुकानाच्या गोंगाटात तो किरकोळ वाटतो. पहाटे तीनला तोच हातोड्यासारखा वाटतो.

बीएलडीसीचा हिशेब

सध्या बीएलडीसी मोटरच्या पंख्यांची भलतीच चलती आहे. वीज कमी लागते, हे खरंच. पण जरा कॅल्क्युलेटर काढू या. साध्या सोळा इंची पंख्याला पन्नास वॉट धरा आणि बीएलडीसीला तीस. रोज आठ तास, उन्हाळ्याचे १२० दिवस. वाचलेली वीज होते साधारण १९ युनिट. युनिटला दहा रुपये धरले, तरी वर्षाला दोनशे रुपयेसुद्धा वाचत नाहीत. पंख्यासाठी दीड हजार जास्त मोजले असतील, तर ते वसूल व्हायला आठ उन्हाळे!

वर्षभर दिवसरात्र चालणाऱ्या सीलिंग फॅनसाठी हे गणित वेगळं आहे. टेबल फॅनच्या बाबतीत बीएलडीसी घ्यायचा तो वीजबिलासाठी नाही, तर कमी आवाजासाठी किंवा लाइट गेल्यावर इन्व्हर्टरवर जास्त वेळ चालावा म्हणून. ही दोन्ही कारणं तुमची नसतील, तर साधा पंखा बिनधास्त घ्या. तोही महिन्याला फार तर बारा युनिट खातो. दीड टनाचा एसी तेवढी वीज एका रात्रीत संपवू शकतो.

जागा चुकली की सगळं चुकलं

घेतलेला पंखा कुठे ठेवता, यावर अर्धी मजा अवलंबून आहे. रात्री बाहेरची हवा घरापेक्षा गार झाली, की पंख्याची पाठ खिडकीकडे आणि तोंड तुमच्याकडे. समोरच्या खोलीची खिडकी उघडी ठेवा, म्हणजे गरम हवेला बाहेर जायला वाट मिळेल. ऑफिसातून आल्यावर घराचा भट्टीसारखा वास येत असेल, तर याच्या उलट करा. पंख्याचं तोंड खिडकीबाहेर करून अर्धा तास सोडा आणि दुसरीकडची खिडकी उघडा. कोंडलेली हवा बाहेर जाते आणि बाहेरची आत येते. दुपारी मात्र खिडक्या बंद आणि पडदे ओढलेले.

झोपताना वारा थेट तोंडावर घेऊ नका. डोळे आणि घसा कोरडा पडतो. पाय आणि पोटाच्या दिशेने घ्या. बोनस म्हणजे डास. ते काही फार दमदार उडणारे नसतात, वाऱ्यात त्यांना तुमच्यापर्यंत पोहोचणं जड जातं. मच्छरदाणी लावत असाल तर पंखा जवळ ठेवा, कारण जाळी बराच वारा अडवते.

आता बर्फाच्या भांड्याचा तो फेमस जुगाड. पंख्यासमोर बर्फ ठेवा, एसी तयार! एक किलो बर्फ वितळताना जेवढी उष्णता शोषतो, तेवढी दीड टनाचा एसी पूर्ण जोरात चालताना एका मिनिटात बाहेर काढतो. शिवाय तो बर्फ बनवताना तुमच्या फ्रिजने त्याहून जास्त उष्णता मागच्या बाजूने घरातच सोडलेली असते. त्यापेक्षा बर्फ पन्ह्यात घाला.

पंखा कधी बंद करायचा?

एक गोष्ट मात्र चेष्टेवारी नेण्यासारखी नाही. हवा अंगापेक्षा बरीच गरम झाली, की वारा गारवा द्यायचं सोडून अंगात उष्णता भरायला लागतो. ओव्हनमध्ये पंखा लावल्यासारखं. जागतिक आरोग्य संघटनेचा सल्ला स्पष्ट आहे: तापमान ४० अंशांच्या वर गेलं, की पंख्यावर विसंबू नका. मुंबईत ही वेळ क्वचित येते. पुण्यात अधूनमधून. विदर्भात एप्रिल-मेच्या दुपारी नेहमीच.

माझे आईबाबा अकोल्याला असतात. मागच्या मे महिन्यात भर दुपारी फोन केला, तर बाबा म्हणाले, ‘‘अगं, दारंखिडक्या लावून टेबल फॅन फुल केलाय. मस्त चाललंय. कूलर कशाला उगाच?’’ मागून आईचा आवाज आला, ‘‘दोन दिवस झाले, डोकं गरगरतंय म्हणतात, आणि पाणी प्यायला सांगितलं तर तहान नाही म्हणतात.’’ बाहेर ४४ अंश होते.

वय वाढलं की घाम कमी येतो आणि तहानही नीट कळत नाही. आपल्याला नुसतं ‘सॉलिड गरम’ वाटतं, त्या हवेत त्यांचा जीव धोक्यात येऊ शकतो. त्या दिवशी मी ऑनलाइन काहीही मागवलं नाही. अकोल्यातल्याच दुकानात फोन करून संध्याकाळपर्यंत कूलर पोहोचवायला सांगितला. कोरड्या हवेत कूलरला तोड नाही, कारण तो पाण्याच्या बाष्पीभवनाने हवाच गार करतो. (मुंबईकरांनो, तुमच्या दमट हवेत कूलर म्हणजे नुसती ओल.) कूलर नसेल तर ओला पंचा अंगावर, भरपूर पाणी आणि घरातली सगळ्यात गार खोली. बोलणं असंबद्ध व्हायला लागलं किंवा माणूस ग्लानीत गेला, तर घरगुती उपाय करत बसू नका. अंग ओलं करत सरळ हॉस्पिटल गाठा.

खरेदीला जाताना

- जागा आधी ठरवा: बेडशेजारी, टेबलावर की खिडकीपाशी? मग साइज.
- खोक्यावर आयएसआय मार्क आणि टेबल फॅनचा आयएस ५५५ हा क्रमांक पाहा. स्वीप, वॉट आणि एअर डिलिव्हरी वाचा.
- वाइंडिंग तांब्याचं आहे का, हे विचारा. मोटर जास्त तापल्यावर आपोआप बंद होण्याची सोय असेल तर उत्तम.
- घरात लहान मूल असेल तर जाळीतून त्याचं बोट आत जात नाही ना, ते बघा. पंख्याचा तळ जड हवा.
- पुढची जाळी सहज निघते का? पात्यांवर धूळ साचली की वारा घटतो. महिन्यातून एकदा प्लग काढून पुसा.
- पंखा हळू फिरायला लागला तर लगेच भंगारात देऊ नका. बऱ्याचदा कपॅसिटर गेलेला असतो आणि तो थोडक्यात बदलून मिळतो.
- साध्या सोळा इंची पंख्याला साधारण दोन ते साडेतीन हजार पुरतात. मुंबईकरांसाठी लोहार चाळ, पुणेकरांसाठी तपकीर गल्ली. तिथे चालवून बघता येतो, हाच फायदा.

बाबांचा कूलर आता दुपारी चालतो. रात्री हवा जरा उतरली, की तो बंद आणि जुना टेबल फॅन खिडकीपाशी. माझा टॉवर फॅन माळ्यावर पडलाय, निळ्या आकड्यांसकट. त्याच्या जागी तपकीर गल्लीतला सोळा इंची, पांढरा, अगदी साध्या चेहऱ्याचा पंखा आहे. एकवर ठेवला की आवाज नाही आणि साडेनऊच्या मीटिंगमध्ये जांभया नाहीत.

खोली अजूनही गरमच असते. पण झोपायचं मला असतं, खोलीला नाही!