पाचशे दिवसांची वाट

आज आम्ही तुम्हाला कॅनडाच्या डायान व्हेलन यांची गोष्ट सांगणार आहोत. त्या माहितीपट करतात, म्हणजे खऱ्या माणसांचे, खऱ्या जागांचे चित्रपट.

कॅनडात या टोकापासून त्या टोकापर्यंत जाणारी ट्रान्स कॅनडा ट्रेल नावाची वाट आहे. डायानताईंचा त्यावरचा प्रवास झाला सुमारे २४,००० किलोमीटरचा. आळंदी-पंढरपूर वारी अडीचशेच्या आसपास. म्हणजे जवळजवळ शंभर वाऱ्या! १ जुलै २०१५ रोजी, वयाच्या पन्नाशीत, डायानताई पूर्वेकडच्या न्यूफाउंडलंड बेटावरून निघाल्या. कुठे पायी, कुठे सायकलवर, कुठे वल्ह्याच्या होडीतून.

एकटीनं चित्रण करायचं म्हणजे काय? चालणारी बाई दूर जाताना दिसायला हवी, तर कॅमेरा स्टँडवर लावायचा, चालू करायचा आणि पुढे चालत जायचं. मग कॅमेरा आणायला मागे यायचं आणि तीच वाट पुन्हा चालायची. पडद्यावर एकदा दिसतं, ते पायांनी तीनदा झालेलं असतं! शिवाय पाठीवर तंबू, शिधा, बॅटऱ्या. पाऊस आला की आधी कॅमेरा झाकायचा, मग स्वतःला.

पाचशे दिवसांत पोचायचं ठरलं होतं. पण सुरुवातीलाच वेळापत्रक कोलमडलं, तेव्हा त्यांनी ते शेकोटीतच टाकलं. घाई गेली. वाटेत मूळ रहिवाशांच्या वडीलधाऱ्यांजवळ बसून पाण्याविषयी, जमिनीविषयी ऐकायला सवड मिळाली. पश्चिमेच्या व्हिक्टोरिया शहरात त्या पोचल्या १ ऑगस्ट २०२१ रोजी. सहा वर्षं लागली! २०२३ मध्ये आलेल्या माहितीपटाचं नाव मात्र '५०० डेज इन द वाइल्ड', म्हणजे रानातले पाचशे दिवस. चुकलेला अंदाज त्यांनी लपवला नाही.

गेल्या उन्हाळ्यात आमच्या गटानं गावच्या ओढ्याचं मोबाइलवर चित्रण करायला घेतलं. एका दिवसात उरकायचं होतं. मिळाले नुसते कोरडे दगड. एक आजी म्हणाल्या, "अगं, पाणी असताना या की!" मग आम्ही आषाढात गेलो, दिवाळीनंतर गेलो, संक्रांतीलाही गेलो. पाणी कोणत्या महिन्यात कोणत्या वळणावर थांबतं, ते आता दिसायला लागलंय. बंधारा कुठे हवा, हे ग्रामसभेत तोंडानं सांगून कोणी ऐकलं नव्हतं. यंदा दाखवणार आहोत.

तुमच्या ओढ्याचं पाणी कधी थांबतं गं? बघून ठेवा. भेटू पुढच्या भागात.