याचिका ‘निरर्थक’ ठरते तेव्हा

कोर्टाची पायरी चढलेल्यांना एक वाक्य ओळखीचं असतं : ‘याचिका निरर्थक ठरल्याने निकाली.’ अशील घाबरतो, त्याला वाटतं आपण हरलो. खरं तर न्यायाधीशांनी त्याची बाजू तपासलेलीच नसते. ज्यासाठी दाद मागितली ते आता उरलं नाही, एवढाच त्याचा अर्थ.

साधं उदाहरण अटकपूर्व जामिनाचं. अर्जाची सुनावणी व्हायच्या आत अटक झाली की ‘अटकपूर्व’ काही राहतच नाही. नेहमीच्या जामिनासाठी अर्ज करावा लागतो. नुसता एफआयआर नोंदला गेला म्हणून मात्र तो अर्ज बाद होत नाही, हे सर्वोच्च न्यायालयानं १९८० मध्ये गुरुबक्षसिंग सिब्बिया प्रकरणात स्पष्ट केलं.

खरा गोंधळ होतो तो आरोपपत्रावरून. समजा, खोट्या फिर्यादीवरचा एफआयआर रद्द व्हावा म्हणून कुणी उच्च न्यायालयात गेलं. पूर्वी हे फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ४८२ खाली होई, १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ५२८ खाली होतं. तारखा पडत राहतात आणि मध्येच पोलीस आरोपपत्र दाखल करतात. मग समोरचे वकील म्हणतात, ‘तपासच संपला, आता याचिकेत राहिलं काय?’ आनंदकुमार मोहता प्रकरणात हाच मुद्दा निघाला. २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं तो मानला नाही. एफआयआर हाच कायद्याचा गैरवापर असेल, तर आरोपपत्रामुळे तो गैरवापर वाढतो, कमी होत नाही, असा त्या निकालाचा आशय. माझ्या मते हे सरळ व्यवहारज्ञान आहे. तरीही याचिकेत दुरुस्ती करून आरोपपत्रालाही आव्हान द्यावं, म्हणजे वादाला जागा राहत नाही.

कायदाच बदलला तर? राजद्रोहाच्या कलम १२४-अ ला दिलेलं आव्हान नवा कायदा येतोय म्हणून लांबणीवर टाकावं, असं केंद्र सरकारनं सप्टेंबर २०२३ मध्ये सुचवलं होतं. न्यायालयानं नकार दिला. नवा कायदा पुढच्या गुन्ह्यांना लागू होणार. जुन्या कलमाखालचे खटले तसेच उभे राहणार. ज्याच्यावर खटला आहे, त्याच्यासाठी प्रश्न जिवंतच!

राहिला मृत्यू. आरोपी वारला की त्याच्यापुरता खटला संपतो. जयललितांच्या निर्दोष मुक्ततेविरुद्ध कर्नाटक सरकारचं अपील सर्वोच्च न्यायालयात होतं. ५ डिसेंबर २०१६ ला त्या वारल्या. १४ फेब्रुवारी २०१७ ला निकाल लागला तेव्हा त्यांच्यापुरतं अपील संपुष्टात आल्याचं न्यायालयानं नोंदवलं. सहआरोपींना मात्र शिक्षा झाली.

पण उलट स्थिती असली तर? खालच्या कोर्टात शिक्षा झालेला माणूस अपील चालू असताना गेला, तर अपील त्याच्याबरोबर जातं आणि दोषी असल्याचा शिक्का मागे राहतो. घरच्यांना तो पुसायचा असेल, तर कायद्यानं वाट ठेवली आहे. शिक्षा फाशीची किंवा कैदेची असेल, तर मृत्यूपासून ३० दिवसांच्या आत जवळच्या नातेवाइकानं अपील पुढे चालवण्याची परवानगी मागायची. नव्या संहितेत हे कलम ४३५ मध्ये आहे. ‘जवळचे’ म्हणजे आई-वडील, पती किंवा पत्नी, मुलं-नातवंडं, भाऊ, बहीण. पुतण्या किंवा सून यांत बसत नाही. दिवस-कार्यांतच पंधरवडा निघून जातो, तेव्हा वकिलाला निरोप तेराव्याच्या आधीच धाडावा.